शहर स्वच्छ, हिशेब मळका



जगातल्या सर्वांत स्वच्छ शहरांची यादी दरवर्षी कुठे ना कुठे छापून येते. सिंगापूर, कोपनहेगन ही नावे तिथे ठरलेली. आपल्या देशाच्या यादीत २०१७ ते २०२३ अशा सलग सात सर्वेक्षणांत इंदूर पहिले आले. सातव्या वेळी सुरत त्याच्या जोडीला होते. सुरत म्हणजे तेच शहर, जिथे १९९४ साली प्लेग आला आणि लाखो माणसे घरदार सोडून पळाली. दोनेक वर्षांत त्या शहराने रूप पालटले. ही साधी गोष्ट नाही. तिचे कौतुक करण्यात आम्ही मागे राहणार नाही.

पण ही यादी वाचून दाखवणारा शहाणा माणूस शेवटी आमच्याकडे वळतो आणि म्हणतो, "नाहीतर तुम्ही! गावात शिरले की आधी उकिरडा लागतो." या बोलण्याला एकदा उत्तर दिले पाहिजे.

उत्तर असे की उकिरडा ही घाण नव्हे, ती ठेव आहे. शेण, गोठ्यातला केरकचरा, चुलीची राख, कडब्याचे उरलेसुरले, सारे तिथे जमा होते, वर्षभर कुजते आणि मृगाच्या आधी गाडीत भरून शेतात जाते. गावचा उकिरडा वर्षातून एकदा रिकामा होतो. शहराचा उकिरडा कधी रिकामा होत नाही, तो फक्त जागा बदलतो. म्हणून स्वच्छ शहर दिसले की आम्ही एकच प्रश्न विचारतो: इथला कचरा गेला कुठे, आणि कुणाच्या खर्चाने?

सिंगापूरचेच बघा. १९७७ ते १९८७ ही दहा वर्षे त्या शहराने आपली नदी साफ केली. काठावर डुकरे आणि बदके पाळणारे शेतकरी हलवले गेले. १९८४ साली सरकारने डुक्करपालनच बंद करायचे ठरवले. आज त्या देशाचे नव्वद टक्क्यांहून अधिक अन्न बाहेरून येते. शेती बाहेर, कचरा जाळायचा, राख १९९९ पासून समुद्रातल्या सेमाकाऊ बेटावर टाकायची, आणि आत रस्ते चकाचक. ज्याच्याजवळ पैसा आहे त्याला हे जमते. आमच्या शहरांजवळ समुद्रात बेट नाही. त्यांच्याजवळ आहेत आमची गावे.

औरंगाबादचा, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरचा कचरा तीसहून अधिक वर्षे नारेगावला पडत होता. २०१८ च्या फेब्रुवारीत आसपासच्या गावकऱ्यांनी गाड्या अडवल्या आणि एवढे मोठे शहर काही दिवसांत नाक दाबून बसले. मार्चमध्ये गाड्या मिटमिट्याकडे वळवल्या. तिथेही लोक आडवे आले, दगड आले, लाठ्या आल्या. पुण्याचा कचरा वर्षानुवर्षे उरुळी देवाची आणि फुरसुंगीने सोसला. विहिरी नासल्या, माशांनी जेवणाचे ताट झाकले, तेव्हा तिथल्याही शेतकऱ्यांनी गाड्या रोखल्या. या गावांना कोणी स्वच्छतेचे पारितोषिक दिले नाही. शहराच्या गळ्यातला हार यांच्या नाकाच्या जिवावर आला होता, हे कोणत्या गुणपत्रिकेत लिहिलेले नाही.

आता मोठा हिशेब. ज्वारीत शेकडा दहा भाग प्रथिने धरली आणि प्रथिनांत सोळा टक्के नत्र धरले, तर क्विंटलमागे दीड किलोच्या वर नत्र निघते. दहा क्विंटल ज्वारी बाजारात गेली की पंधरा-सोळा किलो नत्र आपल्या रानातून कायमचे गेले. पंचेचाळीस किलोची युरियाची गोणी फोडली तर तिच्यात वीस-एकवीस किलो नत्र असते. म्हणजे दहा क्विंटलच्या पट्टीत पाऊण गोणी युरिया आपण फुकट घालून दिला. कापसाचे तसेच. रुईत जमिनीचे फारसे काही जात नाही, पण सरकीत जाते. पाखरे खातात ते रानातच टाकतात. शहर खाते आणि गटारात टाकते, नाहीतर कचऱ्याच्या डोंगरावर टाकते. मग तेच नत्र आपण दुकानातून विकत आणायचे, रांगेत उभे राहून, उधारीवर. असा व्यापार कोणता वाणी करील?

त्यात आपल्या जमिनीचे काय झाले ते आपण डोळ्यांनी पाहिले. २०२३ च्या जुलैतल्या अतिवृष्टीत जळगाव जामोद आणि संग्रामपूर तालुक्यांतली रानेच्या राने खरडून गेली. खाली पूर्णेकडचा खारपाणपट्टा, वर सातपुड्याचा उतार. अशा जमिनीला गोणीतल्या पांढऱ्या दाण्यांपेक्षा कुजलेल्या काळ्या खताची गरज जास्त. ते खत आहे कुठे? शहराच्या कचऱ्यात अडकून पडले आहे.

आणि गंमत पाहा. हे खत करण्याची रीत जगाला दिली तीही इंदूरनेच. १९२४ पासून १९३१ पर्यंत अल्बर्ट हॉवर्ड हा इंग्रज शास्त्रज्ञ तिथल्या संस्थेत काम करत होता. त्याच्याबरोबर यशवंत वाड हे आपले सहकारी होते. १९३१ चे पुस्तक दोघांच्या नावावर आहे. पऱ्हाटी, तुराट्या गाडीवाटेवर अंथरायच्या, चाकांखाली चुरू द्यायच्या; मग काडीकचरा, शेण, मूत मुरलेली माती आणि राख यांचे थर लावायचे, ओल राखायची, मधूनमधून उलटायचे. तीन महिन्यांत खत तयार. जग या रीतीला 'इंदूर पद्धत' म्हणते. आणि ती संस्था कुणाच्या पैशावर उभी राहिली? १९२३ च्या कायद्याने कापसावर कर बसला, त्यातून मध्यवर्ती कापूस समितीने पैसा दिला. तो कर निर्यातीच्या आणि देशी गिरण्यांच्या कापसावर होता, आणि त्या कापसात वऱ्हाडचाही कापूस होता. आमच्या बोंडांवर शिकलेले शास्त्र शहराच्या पदकावर चढले, आमच्या बांधावर मात्र परत आले नाही.

इंदूरने ओला आणि सुका कचरा घरातच वेगळा करून दाखवला. २०२२ साली तिथे रोज ५५० टन ओल्या कचऱ्यापासून गॅस काढण्याचा कारखानाही सुरू झाला. जमते, हे सिद्ध झाले. पण बाकीच्यांनी काय केले? २०१६ च्या घनकचरा नियमांत लिहिले गेले की खत कंपन्यांनी सहा-सात गोण्या रासायनिक खताबरोबर तीन-चार गोण्या शहरी खत विकावे. म्हणजे जोडखत! डीएपी मागायला जा आणि नको ती बाटली बरोबर घेऊन या, हा प्रकार आपल्याला दुकानदारांनी शिकवला होताच. आता कचऱ्यासाठीही तोच मार्ग. आमच्यापैकी काहींनी अशी गोणी फोडून पाहिली आहे. काचेचे तुकडे, पिशव्यांच्या चिंध्या, बॅटरीचे टरफल. हे खत नव्हे, ही शहराची झाडलोट आमच्या पैशाने आमच्या रानात.

ज्याने या मुलखाला झाडू धरायला शिकवले ते गाडगेबाबा पूर्णाकाठचेच. मामाची शेती सावकाराच्या घशात जाताना त्यांनी लहानपणी पाहिली. बाबा गावात शिरले की स्वतः झाडत, दुसऱ्याच्या दारात लोटून देत नसत. २००० सालापासून सरकारने त्यांच्या नावाने ग्रामस्वच्छता अभियान चालवले. गावांनी घाम गाळला, पारितोषिके घेतली. आता शहरांनीही बाबांचे नाव घ्यावे, पण त्यांची रीतही घ्यावी.

आपणही धुतल्या तांदळासारखे नाही. पऱ्हाटी उपटायची आणि काडी ओढायची ही सवय आपलीच. बोंडअळीच्या भीतीने पऱ्हाटी बांधावर रचू नये, हे खरे. पण बारीक करून कुजवली तर अळी ढिगाच्या उष्णतेत मरते आणि जमिनीचे जमिनीला मिळते. उन्हाळ्यात पाणी नसेल तर पावसाळ्यात ढीग लावा.

जिल्हा बैठकीपुढे म्हणून हे चार ठराव ठेवत आहोत:

एक, ग्रामसभेच्या संमतीवाचून गायरानावर किंवा ई-क्लास जमिनीवर कोणत्याही शहराचा कचरा पडू देणार नाही.

दोन, शहरी खत आम्हाला हवे आहे, पण घरातच वेगळ्या केलेल्या ओल्या कचऱ्याचे, आणि शिसे-कॅडमियमच्या तपासणीच्या कागदासह.

तीन, ते कोणत्याही गोणीला जोडून विकायचे नाही. कचरा वाहून टाकण्याचा खर्च शहराचा वाचतो, तेव्हा खत बांधापर्यंत शहराने पोचवावे.

चार, आमच्या गावांत पऱ्हाटी जाळली जाणार नाही.

बारा वर्षांनी उकिरड्याचेही पांग फिटतात म्हणतात. आमच्या उकिरड्याला शहराकडून दया नको. गेलेला माल परत हवा.