निकाल एकाचा, हेलपाटे सगळ्यांचे

सिरोंच्याहून गडचिरोलीच दोनशे किलोमीटरहून लांब, नागपूर तर त्याच्याही कितीतरी पुढे. तरी तिथल्या प्राध्यापकाच्या वेतननिश्चितीची वा स्थाननिश्चितीची फाइल उच्च शिक्षण सहसंचालकांच्या नागपूर कार्यालयातच जाते आणि ‘त्रुटीपूर्तता करावी’ असा शेरा घेऊन परत येते. २०११मध्ये चंद्रपूर-गडचिरोलीसाठी गोंडवाना विद्यापीठ झाले. पदवी जवळ आली. पगार, पेन्शन आणि न्याय मात्र नागपुरातच राहिले.

बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनती झाली तर २०१६च्या विद्यापीठ कायद्यातील कलम ८१नुसार ३० दिवसांत न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. पण बहुतेक भांडणे असतात ती वेतनाची, वसुलीची. त्यासाठी थेट उच्च न्यायालयात रिट. तिथे जिंकल्यावरही शासन सर्वोच्च न्यायालयात जाणार नाही याची खात्री नसते. एकल न्यायमूर्तींच्या निकालावर त्याच न्यायालयात अपील चालते की नाही, हे ठरवायलाही १९८६मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा उमाजी मेश्राम खटल्यातील निकाल लागला. इंग्रजी वा मराठी शिकवणाऱ्याने, ज्यावर हे अपील ठरते तो राज्यघटनेच्या २२६ आणि २२७ या अनुच्छेदांमधला फरक कधी शिकायचा?

निवृत्तीच्या तोंडावर पडताळणीत जुनी वेतननिश्चिती चुकल्याचे निघते. चूक कार्यालयाची, वसुली मात्र ग्रॅच्युइटीतून! डिसेंबर २०१४मध्ये रफिक मसीह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निवृत्तांकडून आणि वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून अशी वसुली अयोग्य ठरवली. त्यावर लेखाधिकारी हमीपत्र दाखवतात, कारण जादा रक्कम परत करण्याचे हमीपत्र दिले असेल तर ते बांधील ठरते, असा २०१६चा निकाल आहे. वेतनवाढ हवी तर सही करा, असे सांगून घेतलेल्या हमीपत्राला आम्ही तरी स्वेच्छेचे म्हणणार नाही.

एकाला मिळालेला लाभ तशाच परिस्थितीतील इतरांनाही द्यावा, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४मध्येच अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणात सांगितले. मात्र हक्कावर झोपून राहिलेल्याला तो मिळेलच असे नाही, असेही बजावले. खरी मेख इथे आहे. सहकाऱ्याचा निकाल लागेपर्यंत थांबावे तर उशीर झाला म्हणतात. म्हणून एकाच मुद्द्यावर प्रत्येकजण स्वतंत्र वकीलपत्र देतो आणि न्यायालयांतील प्रलंबित प्रकरणांच्या नावाने शासनच गळा काढते.

प्रत्येक प्राध्यापकाची मागणी रास्त असते असे नाही, आणि तिजोरीचा हिशेब पाहणे हे लेखाधिकाऱ्याचे कामच आहे. काही संस्थाचालक प्रशिक्षणाला वेळेवर सोडत नाहीत, मग पदोन्नतीची तारीख पुढे ढकलली जाते. तिथे दोष सहसंचालकांचा नव्हे. पण अंतिम निकालाने मिटलेल्या प्रश्नावर परिपत्रक काढून तो निकाल सर्व पात्र शिक्षकांना लागू करायला नवा कायदा लागत नाही. शासनाला अपील करायचे तर त्याची कारणे अधिकाऱ्याने फाइलवर लिहून सही करावी. न्यायाधिकरणाच्या सुनावण्या महिन्यातून काही दिवस चंद्रपूर आणि गडचिरोलीत व्हाव्यात, आणि सहसंचालकांनी निवृत्तीला वर्ष उरलेल्यांच्या सेवापुस्तिका गडचिरोलीत शिबिर घेऊन तपासाव्यात. त्रुटी काढायचीच असेल तर माणूस नोकरीत असतानाच काढा.