शेजारच्या आसनावरचा माणूस

२०२५ साली धानोरा तालुक्यातल्या काटेझरीत पहिल्यांदा एस.टी. आली, तेव्हा गावाने ढोल वाजवून तिचे स्वागत केले. त्याच वर्षी १ जानेवारीला गर्देवाडा-वांगेतुरी भागातही फेरी सुरू झाली होती. महाराष्ट्रातली पहिली एस.टी. १ जून १९४८ रोजी पुण्याहून अहमदनगरला धावली होती. तिला गडचिरोलीच्या या जंगलात शिरायला पाऊणशेहून अधिक वर्षे लागली.

सरकारी हिशेबात बस म्हणजे किलोमीटर आणि फेऱ्या. बँकेत हयात गेल्यामुळे मला हिशेबाचे वावडे नाही. पण एस.टी. आणखी एक काम करते. जात, पगार न विचारता ती अनोळखी माणसांना एका बाकावर बसवते. ‘कोण गाव जी?’ या एका प्रश्नावर आमच्या विदर्भात कितीतरी ओळखी झाल्या, सोयरिकीसुद्धा जुळल्या!

आज चंद्रपूरच्या बसस्थानकावर पाहा. जो तो मोबाईलमध्ये मान घालून बसलेला. आपल्याकडे आधी बस आली, मोबाईल कितीतरी वर्षांनी. दुर्गम गावांत मात्र दोन्ही जवळपास एकाच काळात पोचत आहेत. बाकावरच्या गप्पांची सवय तिथे लागणार तरी कधी?

अर्थात सारा दोष मोबाईलचा नाही. खिडकीशी गप्प बसावेसे वाटणे हा प्रवाशाचा हक्कच आहे. आपण निवडलेला एकांत वेगळा आणि लादलेले एकटेपण वेगळे. गावच्या गोटुलात चारचौघांत मोकळा बोलणारा माडिया माणूस तालुक्याच्या कचेरीत मुका होतो. बँकेच्या खिडकीशी हे मी पुष्कळदा पाहिले. मागे भली मोठी रांग, पण त्याची भाषा जाणणारा एकही नाही.

यावर उपाय नाही असे नाही. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ने दवाखाना कसा हवा, हे आदिवासींनाच विचारले. मग मोठ्या इमारतीऐवजी झोपड्यांचे, गावासारखे रुग्णालय उभे राहिले. तिथे नातलग रुग्णासोबत राहू शकतात. आजार अंगावर काढणाऱ्या माणसाला परकेपणाचीही भीती असते, हे त्यांनी ओळखले.

तेव्हा रस्ता झाला, बस आली, एवढ्यावर समाधान मानून चालणार नाही. बस माणसाला गर्दीपर्यंत आणून सोडते; गर्दीत सामावून घेण्याचे काम आपले. बसस्थानकात, कचेरीत, दवाखान्यात माडिया-गोंडी बोलणारा एक तरी माणूस नेमा. आणि शेजारच्या आसनावर कोणी बावरलेला दिसला, तर खिशातला मोबाईल खिशातच राहू द्या. ‘कोण गाव जी?’ एवढे विचारायला शासनाचा आदेश लागत नाही.