भीती फक्त एका रात्रीची?

दरवर्षी 3 डिसेंबर जवळ आला की वर्तमानपत्रांत भोपाळची तीच चित्रे येतात: गंजलेला कारखाना, मातीआडून दिसणारा बाळाचा चेहरा. 2023 साली ‘द रेल्वे मेन’ ही मालिका आली. 1984 साली 2-3 डिसेंबरच्या रात्री युनियन कार्बाइडच्या कारखान्यातून विषारी वायू सुटला, तेव्हा जिवावर उदार होऊन लोकांना वाचवणाऱ्या रेल्वे कर्मचाऱ्यांची ही गोष्ट. अशा कर्मचाऱ्यांचे धैर्य खरेच होते. पण माझा प्रश्न असा, की प्रसारमाध्यमांना एका रात्रीचीच भीती का दिसते?

बायकांची भीती त्या रात्रीनंतर सुरू झाली. 1985 साली डॉ. राणी बंग आणि मीरा सद्गोपाल यांनी तिथल्या वस्त्यांतल्या बायकांची तपासणी केली. अंगावरून जाणे, पाळीच्या तक्रारी, ओटीपोटाचे आजार मोठ्या प्रमाणात आढळले. चर्चा मात्र डोळ्यांची आणि फुप्फुसांची झाली. पळापळ कॅमेऱ्यात मावते. कारखान्याच्या कचऱ्याने नासलेले पाणी, दिवस गेल्यावर वाटणारी धास्ती, वायुपीडित म्हणून मुलीचे अडलेले लग्न, हे मावत नाही. वस्तीत काम करताना मी नेहमी पाहते: ज्या दुखण्याकडे कुणाचे लक्ष नाही त्याची नोंद होत नाही, आणि नोंद नाही म्हणून भरपाईही नाही.

पडद्यावरची बाई बहुधा रडणारी असते. प्रत्यक्षात रशीदा बी आणि चंपादेवी शुक्ला यांनी वायुपीडित कामगार बायकांची संघटना उभारली. 1989 साली या बायका मागण्या घेऊन पायी दिल्लीला गेल्या. 2004 साली दोघींना गोल्डमन पर्यावरण पुरस्कार मिळाला. त्यांच्यावर मालिका का निघू नये?

2025च्या जानेवारीत कारखान्यातला सुमारे 337 टन विषारी कचरा पीथमपूरला नेला, तेव्हा कॅमेरे ट्रकांमागे धावले. पीथमपूरच्या लोकांनी विरोध केला, तरी पुढे तो तिथेच जाळला गेला. कारखान्याच्या आवारातल्या आणि भोवतालच्या विषारी मातीचे, भूजलाचे काय, हा प्रश्न मागेच राहिला.

ज्या संकटाचे चित्र समाजापुढे येते, त्याचीच भीती वाटते, आणि त्याच्यावरच सरकार हालचाल करते. म्हणून चित्र कोण काढते, हा आपल्या चळवळीचा प्रश्न आहे. येत्या 3 डिसेंबरला आपल्या गटांनी संपादकांना पत्रे लिहावीत: मृतांचा आकडा छापाच, पण जगलेल्या बायकांच्या आजारपणाचा हिशोबही छापा. आणि आपल्या गावाजवळच्या रासायनिक कारखान्यांचे सांडपाणी कुठे जाते, हे पाणी भरणाऱ्या बायकांनाच विचारून आपण लिहू या. त्यासाठी दुर्घटनेची वाट कशाला पाहायची?