पडद्यावरच्या माणसांची नावं सांगा

१८९९ साली छायाचित्रकार सावे दादांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एक कुस्ती चित्रित केली. पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी ही त्या मल्लांची नावं आजही सांगितली जातात. फीत मात्र आपल्या हाती उरलेली नाही. पुढच्या माहितीपटांचं नेमकं उलटं झालं. फिती राहिल्या आणि त्यांतली माणसं निनावी झाली.

केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने १९४८पासून हजारो माहितीपट आणि वार्तापट काढले. थिएटरात मुख्य चित्रपटाआधी ते दाखवावेच लागत. धरणावर आलेल्या मंत्र्याचं नाव निवेदक घेतो. डोक्यावर पाटी घेऊन चाललेल्या बाईचं घेत नाही. ही बाई कुणाची तरी आजी आहे. १९६७च्या ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’मध्ये एस. एन. एस. शास्त्रींनी स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या तरुणांना बोलतं केलं. ती पिढी आता ऐंशीच्या आसपास आली. आनंद पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) झोपड्या पाडल्या गेलेले मुंबईकर कॅमेऱ्यासमोर आपला संताप मांडतात. आपल्या आईचा तो आवाज जपलेला आहे, हे त्यांच्या किती मुलांना ठाऊक असेल?

या चेहऱ्यांना ओळखणारी माणसं झपाट्याने जाताहेत. फिती पुढेही जपता येतील, डिजिटल करता येतील. ओळख मात्र माणसाबरोबरच जाते.

म्हणून कळकळीची विनंती आहे. याच महिन्यात घरातल्या, चाळीतल्या, वाडीतल्या वडीलधाऱ्यांना हे माहितीपट दाखवा. फिल्म्स डिव्हिजनचे बरेचसे यूट्यूबवर फुकट पाहता येतात. आपल्या गावाचे, गिरणीचे, दुष्काळी कामांचे, मोर्चांचे शोधा. घाई करू नका, चित्र थांबवा, पुन्हा दाखवा. चेहरा नाही पण विहीर किंवा गिरणीचं फाटक ओळखलं, तरी टिपून ठेवा. माहितीपटाचं नाव, कितव्या मिनिटाला, कोण, कुठलं आणि ओळखणारा कोण, एवढं वहीत हवंच. खात्री नसेल तर तसं स्पष्ट लिहा; चुकीचं नाव चिकटलं तर सुटत नाही.

पडद्यावर ओळखलेली व्यक्ती हयात असेल तर आधी तिला विचारा. कॅमेरा समोर आला तेव्हा अनेकांना कुणी विचारलं नव्हतं. नको म्हणाली तर नाव बाहेर जाता कामा नये. पत्ता, फोन नंबर समाजमाध्यमांवर टाकूच नका.

वहीची एक प्रत गावच्या वाचनालयात ठेवा, दुसरी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला पत्रासोबत पाठवा आणि नोंदीत ही नावं घालण्याची मागणी करा.