गाणं सोडलेल्या सुनेचं काय?



'बंदिश बँडिट्स' ही हिंदी मालिका तुमच्यापैकी अनेकींनी पाहिली असेल. पहिलं पर्व २०२० साली आलं, दुसरं डिसेंबर २०२४ मध्ये. जोधपूरच्या संगीत घराण्यातला राधे आणि पॉप गाणारी तमन्ना यांची ही गोष्ट. चर्चा झाली ती शास्त्रीय संगीतात पॉप मिसळावं की नाही, याची. नागपुरात आमच्या बैठकीत मात्र बोलणं वळलं ते राधेच्या आईकडे, मोहिनीकडे.

मोहिनी तयारीची गायिका. लग्न करून पंडितजींच्या घरात आली आणि तिचं गाणं सुटलं. घरात मुलाचा रियाझ चालतो, सून स्वयंपाकघरात. सुरांत भेसळ नको म्हणून जिवाचा आटापिटा करणाऱ्या घराला एक अख्खा गळा मुका झाल्याचं काहीच वाटत नाही. दुसऱ्या पर्वात ती मंचावर येते, तीही बँडच्या स्पर्धेत. ज्या गाण्याला घर नाकं मुरडत होतं, त्याच गाण्यामुळे तिला दार उघडतं. (म्हणून पॉपवाले बायकांचे कैवारी ठरत नाहीत. बाईने कसं दिसावं, हे तिथेही दुसरेच ठरवतात.)

आपल्याकडे हिराबाई बडोदेकरांनी तिकीट लावून जाहीर मैफली केल्या. मोगूबाई कुर्डीकरांनी गाण्यावर तीन मुलं वाढवली. पण या दोघी ज्या घरांतून आल्या तिथे बाईचं गाणं ही रोजीरोटी होती. 'घरंदाज' म्हणवणाऱ्या घरांत बाईने जाहीर गाणं म्हणजे अब्रूचा प्रश्न. आमच्या विदर्भात भुलाबाईची गाणी म्हणा, भजनी मंडळात टाळ धरा, कोणी अडवत नाही. त्याच गळ्याने बाहेर जाऊन चार पैसे मिळवायचे म्हटले की घरात बैठक बसते.

समुपदेशनात आपण मारहाण विचारतो, हुंडा विचारतो, दागिने कोणाकडे आहेत ते विचारतो. कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्याखाली जो अहवाल आपण भरतो, त्यात नोकरी करू न देणं ही हिंसा म्हणून नोंदवता येतं. गाणं, नाच, चित्रं, खेळ यांना वेगळा रकाना नाही. बाईही आपणहून सांगत नाही. 'लग्नाआधी गायचे' एवढं बोलून पुढच्या विषयावर जाते. कोणी बंद केलं, असं विचारलं तर बहुतेक वेळा उत्तर येतं, 'कोणी नाही, आपोआपच सुटलं.' हे 'आपोआप' मला फार संशयास्पद वाटतं. पहाटेचा तास कोणाच्या डब्यात गेला, तंबोरा माळ्यावर कोणी टाकला, हे विचारल्यावर गोष्ट हळूहळू बाहेर येते.

तुमच्या गटात हे विचारून बघा. ज्या मैत्रिणी तयार असतील त्यांचे अनुभव, नावं बदलून, पुढच्या अंकासाठी पाठवा. ज्यांनी पुन्हा गायला सुरुवात केली आहे, त्यांचे तर नक्कीच.