कॉन्फी करा, पण बरणी ओट्यावर ठेवू नका

सोललेल्या लसणाच्या पाकळ्या ऑलिव्ह तेलात बुडवायच्या, मंद आचेवर तासभर ठेवायच्या आणि बोटाने दाबल्या जाण्याइतक्या मऊ झाल्या की तेलासकट काचेच्या बरणीत भरायच्या. ‘गार्लिक कॉन्फी’ची ही कृती हल्ली मोबाइलवर सर्रास दिसते. चवीला ती उत्तमच, पण ती बरणी ओट्यावर ठेवली तर जिवावर बेतू शकते. ही गोष्ट कृतीतच सांगायला हवी.

‘कॉन्फी’चे मूळ ‘कोंफीर’ या फ्रेंच क्रियापदात आणि त्यामागच्या ‘तयार करणे, पूर्णत्वाला नेणे’ अशा अर्थाच्या लॅटिन शब्दात आहे. आधी हे नाव साखरेत किंवा मधात मुरवलेल्या फळांना होते. जॅमला फ्रेंच लोक आजही ‘कोंफित्यूर’ म्हणतात. पुढे नैर्ऋत्य फ्रान्समधल्या गॅस्कनीत बदक आणि हंसाचे मांस टिकवण्याच्या पद्धतीलाही तेच नाव मिळाले.

तिथे बदकाच्या तंगड्यांना मीठ चोळून त्या रात्रभर मुरू देतात. सुटलेले पाणी पुसून त्या बदकाच्याच चरबीत, उकळी फुटू न देता, काही तास शिजवतात. पूर्वी हे मांस मातीच्या बरणीत भरून त्यावर चरबी ओतत. ती थिजली की हवा आत शिरत नसे आणि थंड तळघरात ते महिनोन्महिने टिके. तुलूझच्या प्रसिद्ध ‘कासुले’त पांढऱ्या घेवड्याबरोबर हेच मांस पडते.

थोडक्यात, चरबीच्या जोडीला मीठ आणि गारवा होता.

लसणाच्या कॉन्फीत या दोन्हींना फाटा मिळाला आणि उरले फक्त तेल. तेल हवा अडवते, पण क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम हा जिवाणू हवा नसेल तिथेच वाढतो. मातीतून लसणावर येणारे त्याचे बीजाणू साध्या शिजवण्याने मरत नाहीत. खोलीच्या तापमानाला ते जागे होतात आणि विष तयार करतात. वास किंवा चव बिघडेलच असेही नाही. १९८५ मध्ये कॅनडातल्या व्हँकुव्हरमधील एका रेस्टॉरंटमध्ये तेलात साठवलेल्या लसणामुळे ३६ जणांना बोट्युलिझम झाला होता.

‘आपले लोणचे नाही का वर्षभर टिकत?’ असे कोणी म्हणेल. पण कैरीच्या लोणच्यात तेलाखाली भरपूर मीठ असते आणि कैरी मुळातच आंबट. त्या आंबटपणात हा जिवाणू वाढत नाही. लसणात आम्ल फारच कमी.

म्हणून कॉन्फी बेताचीच करावी, लगेच फ्रिजमध्ये ठेवावी, चार दिवसांत संपवावी. जास्त झाली तर फ्रीझरमध्ये टाकावी. कृती दाखवणाऱ्यांनी तेलाचे माप सांगतात तितक्याच ठळकपणे हे सांगावे आणि घरगुती कॉन्फी विकणाऱ्यांनी ती कुठे ठेवायची आणि कधीपर्यंत संपवायची, हे बरणीवर लिहावे.