आधी हात, मग नाव

1602 साली व्हेनिसमध्ये लोदोविको व्हियादाना या फ्रान्सिस्कन संन्याशाचा एक संग्रह छापून आला. चर्चमध्ये गाण्याच्या शंभर रचना, कुठे एका आवाजासाठी, कुठे दोन, तीन किंवा चार आवाजांसाठी. हा खटाटोप का केला ते त्यानं प्रस्तावनेत सांगून टाकलं आहे. त्या काळचं धर्मसंगीत पाच-सहा, कधी आठ आवाजांत विणलेलं असे आणि चर्चमध्ये प्रत्यक्षात दोन-तीनच गायक हजर असत. मग ते मोठ्या रचनेतल्या आपल्या वाट्याच्या ओळी तेवढ्या गात. बाकीच्या गळून जात, शब्द अर्धवट तुटत, मध्येच लांबलचक पोकळी पडे. व्हियादानानं मुळातच थोड्या गायकांसाठी लिहिलं आणि त्यांच्याखाली ऑर्गनसाठी बासची एक सलग ओळ दिली. वरचे स्वर वादकानं भरायचे होते.

याच सुमारास रोममध्ये कावालिएरी आणि फ्लोरेन्समध्ये पेरी व काच्चिनी संगीतनाट्याचा नवा प्रकार घडवत होते. एकच गायक बोलल्यासारखा गाणार आणि त्याच्या प्रत्येक श्वासाबरोबर साथ हलणार, अशी त्यांची कल्पना. कावालिएरीच्या 1600 साली रोममध्ये सादर झालेल्या आणि छापल्या गेलेल्या धर्मनाट्यात बासच्या स्वरांवर आकडे दिसतात, दहाच्या पुढचेसुद्धा. पुढं ते आटोपशीर झाले आणि फिगर्ड बास ही युरोपची सामाईक लिपी बनली. 1607 साली सिएनाच्या आगोस्तिनो आगाझारीनं तिची उपयुक्तता रोखठोक मांडली : प्रत्येक रचनेचे सगळे आवाज लिहून ठेवायचे म्हटले तर ऑर्गनवादकाला कायदेपंडितापेक्षा मोठं ग्रंथालय बाळगावं लागेल.

सोय ही खरीच होती, पण या लिपीचं मोठेपण सोयीत संपत नाही. रचनाकार अर्धं संगीत लिहून उरलेलं अर्धं एका अनोळखी वादकाच्या हाती सोपवत होता आणि तो हात तयार असेल याची त्याला खात्री होती. जवळजवळ दोनशे वर्षं युरोपचं संगीत या खात्रीवर उभं राहिलं. ती खात्री कशानं निर्माण झाली आणि कशी विरत गेली, हे समजून घेतल्याशिवाय आजच्या संगीतशिक्षणातली एक मोठी उणीव कळणार नाही.

या लिपीचं तत्त्व आपल्या सरगमेत सहज मांडता येतं. सा, ग, प हे तीन स्वर एकत्र वाजले की एक कॉर्ड होतो. सा खाली असला तर त्यापासून मोजून ग तिसरा आणि प पाचवा. ही सर्वांत नेहमीची स्थिती, म्हणून तिथं आकडाच लिहीत नाहीत. आता तेच स्वर ठेवून ग खाली आणला तर प होतो तिसरा आणि सा होतो सहावा. बासवर नुसता 6 लिहिला की पुरे, तिसरा गृहीतच असतो. प खाली आणला तर सा चौथा आणि ग सहावा, म्हणून 6 आणि त्याखाली 4. सा ऐवजी ग किंवा प खाली आलेल्या या स्थितींना पहिला आणि दुसरा इन्व्हर्जन म्हणतात, आणि त्यांच्या खुणा त्या याच.

चार स्वरांचा कॉर्ड घेतला तरी मोजणी बदलत नाही. प, नी, रे, म यांत प खाली असेल तर 7. नी खाली असेल तर त्यापासून म पाचवा आणि प सहावा, म्हणून 6-5. रे खाली असेल तर 4-3, म खाली असेल तर 4-2. आकड्याविना नुसतं शार्प किंवा फ्लॅटचं चिन्ह आलं तर ते बासपासूनच्या तिसऱ्या स्वराला लागू होतं. एवढे नियम एका बैठकीत सांगून होतात. मात्र आकडा कोणता स्वर घ्यायचा एवढंच सांगतो. तो कोणत्या सप्तकात घ्यायचा, कोणता स्वर दुहेरी करायचा, आधीच्या कॉर्डमधून तिथं कसं सरकायचं, गायक हळू असेल तर किती पातळ वाजवायचं, यातलं काहीही कागदावर नसतं. ते हातात असावं लागतं.

तो हात कसा घडायचा हे पाहायला नेपल्सला जावं लागतं. तिथल्या चार कन्झर्वेटरी सोळाव्या शतकात निराधार मुलांचे आश्रम म्हणून सुरू झाल्या आणि पुढं युरोपातल्या सर्वोत्तम संगीतशाळा ठरल्या. मुलांना अभ्यासाला पार्टिमेंतो दिला जाई : बासची एक ओळ, तिच्यावर थोडे आकडे किंवा तेही नाहीत. हार्पसिकॉर्डवर बसून त्या ओळीवर पूर्ण संगीत उभं करायचं. फ्रान्चेस्को दुरान्ते या शिक्षकाच्या हाताखालून पिच्चिनी, पाइसिएल्लो यांच्यासारखे ऑपेराकार बाहेर पडले. त्याचाच शिष्य फेनारोली यानं 1775 साली हे नियम नवशिक्यांसाठी पुस्तकात आणले.

या शिक्षणाच्या मुळाशी ‘रूल ऑफ द ऑक्टेव्ह’ नावाचा पाठ होता. बासमध्ये सा ते सा चढायचं आणि उतरायचं, आणि प्रत्येक स्वरावर कोणता कॉर्ड शोभतो ते बोटांत बसवायचं. त्यात एक गोष्ट अशी आहे, जी आपल्याकडच्या राग शिकणाऱ्याला लगेच जवळची वाटावी. आरोहात म वर 6-5 येतो (म, ध, सा, रे) आणि तो प कडे झेपावतो. अवरोहात त्याच म वर 4-2 येतो (म, प, नी, रे) आणि तो ग वर उतरतो. नी चंही तसंच, चढताना 6-5 आणि उतरताना साधा 6. रागात एखादा स्वर चढताना एक वागणूक घेतो आणि उतरताना दुसरी, तसंच इथं बासचा स्वर आपण कुठून आलो आणि कुठं निघालो यावरून आपला कॉर्ड ठरवतो. नेपल्सच्या मुलाला इन्व्हर्जन ही संज्ञा माहीत असायची गरज नव्हती. कोणत्या पायरीवर कोणता पंजा पडतो हे त्याला पाठ होतं.

जर्मनीतही मार्ग हाच होता. योहान सेबास्टियन बाख शिष्यांना चार आवाजांच्या शुद्ध फिगर्ड बासपासून सुरुवात करायला लावत आणि मग कोराल, म्हणजे चर्चची स्तोत्रगीतं, घेत. आधी बास ते स्वतः देत आणि मधले आवाज शिष्यांनी शोधायचे, अशी माहिती त्यांचे पुत्र कार्ल फिलिप एमान्युएल यांनी 1775 साली चरित्रकार फोर्केल यांना कळवली. ज्यांच्या फ्यूगपुढे आजही विद्यार्थी दबकतात, त्यांच्या शाळेचा पहिला वर्ग हा होता.

दरम्यान 1722 हे वर्ष आलं होतं. क्लेर्माँच्या कॅथेड्रलचा ऑर्गनवादक जाँ-फिलिप रामो यानं पॅरिसमध्ये हार्मनीवरचा आपला मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. सा-ग-प, ग-प-सा आणि प-सा-ग हे एकाच कॉर्डचे तीन अवतार असून तिन्हींचं मूळ सा हेच आहे, हा विचार त्याच्या आधी जर्मनीतल्या काही अभ्यासकांनी मांडला होता. रामोनं त्यावर पूर्ण शास्त्र उभं केलं. कानाला ऐकू येणाऱ्या बासखाली त्यानं एक काल्पनिक बास लिहून दाखवला, प्रत्येक कॉर्डच्या मूळ स्वराचा. शेकडो आकड्यांचं जंगल एकदम मोजक्या झाडांचं झालं. 7, 6-5, 4-3, 4-2 हे चार वेगळे पाठ न राहता एकाच कॉर्डच्या चार बैठका झाल्या. या शोधाची थोरवी कमी लेखण्याचं कारण नाही. त्यानंतरचं सगळं हार्मनीचं शिक्षण, अगदी आज गिटार शिकणाऱ्याच्या वहीतलं सुद्धा, रामोच्या ऋणात आहे.

पण बाखच्या घरात या शास्त्राला विरोध होता. आपली आणि आपल्या वडिलांची तत्त्वं रामोच्या विरुद्ध आहेत, असं एमान्युएल बाख यांनी किर्नबर्गर या सिद्धान्तकाराला लिहून कळवलं आणि किर्नबर्गरनं ते जाहीर केलं. या विरोधामागची व्यापक अडचण एका उदाहरणातून आजही दिसते. एखादं वाक्य संपत आलं आहे, बास प वर थांबला आहे, वर सा आणि ग आहेत. रामोच्या हिशेबानं हा सा च्या कॉर्डचा दुसरा इन्व्हर्जन, म्हणजे आपण घरी पोचल्याचीच एक खूण. पण कान काय म्हणतो? कानाला ते घर वाटत नाही. सा ला नी वर उतरायचं आहे, ग ला रे वर उतरायचं आहे, आणि ते उतरले की प चा कॉर्ड पूर्ण होऊन मग खऱ्या अर्थानं सा वर जाता येतं. आकड्यांत हीच हालचाल स्पष्ट लिहिलेली असते : 6 चा 5 होतो, 4 चा 3 होतो, बास जागचा हलत नाही. नाव सांगतं की हा सा चा कॉर्ड आहे, आकडे सांगतात की प च्या कॉर्डवर दोन स्वर रेंगाळले आहेत. या एका जागेला काय म्हणायचं यावर हार्मनीच्या पाठ्यपुस्तकांत आजही दोन पंथ आहेत.

मला स्वतःला आकड्यांचं म्हणणं अधिक खरं वाटतं. तरी मुद्दा पक्ष निवडण्याचा नाही. मूळ स्वर शोधणारं शास्त्र कॉर्ड कोण आहे हे सांगतं, बासवरून मोजणारी लिपी तो कुठं निघाला आहे हे सांगते. संगीताला दोन्ही लागतात. दुर्दैवानं इतिहासात यातल्या एकाचा आवाज वाढत गेला आणि दुसऱ्याचा विझत गेला.

अठराव्या शतकाच्या अखेरीस रचनाकार मधले आवाज स्वतःच वाद्यवृंदात लिहू लागले आणि बासच्या आकड्यांवरून साथ भरणाऱ्या कंटिन्युओ वादकाची खुर्ची रिकामी होत गेली. 1791च्या डिसेंबरात मोझार्ट वारला तेव्हा त्याच्या ‘रेक्विएम’च्या हस्तलिखितातल्या अनेक भागांत गायकांचे आवाज आणि आकड्यांसह बास तेवढा पूर्ण होता. त्या आराखड्यावर शिष्य झ्यूसमायर काम पुरं करू शकला, कारण दोघे एकाच शाळेत वाढले होते. पुढच्या पिढीत ती शाळाच पातळ झाली. 1817 पासून गॉटफ्रीड वेबरच्या ग्रंथानं कॉर्डना रोमन आकड्यांची नावं देण्याची पद्धत रुजवली. जुने बासचे आकडे त्या रोमन आकड्यांच्या खांद्यावर शेपटीसारखे जोडले गेले. जे एकेकाळी वादकाला ‘हे वाजव’ असं सांगत होते, ते आता विद्यार्थ्याला ‘हे ओळख’ असं सांगू लागले.

विसाव्या शतकात जुनं संगीत पुन्हा वाजवण्याची ओढ लागली, तेव्हा ही हरवलेली विद्या पुस्तकांतून उकरून काढावी लागली. 1931 साली आलेला एफ. टी. अर्नोल्ड यांचा जाडजूड ग्रंथ हे त्या उत्खननाचं मोठं काम. त्याच काळात जॅझच्या वादकांनी नकळत तोच करार पुन्हा केला होता : कागदावर चाल आणि कॉर्डची नावं, बाकी तुझ्या हातावर.

मुंबईच्या चित्रपटसंगीतातही या कराराची एक आवृत्ती घडली. पोर्तुगीज काळापासून गोव्यात चर्चला जोडलेल्या पॅरिश शाळांत मुलं स्वरलेखन वाचायला, गायला आणि व्हायोलिन धरायला शिकत. त्या परंपरेतले वादक मुंबईच्या स्टुडिओंत आले. शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांचे अरेंजर सेबॅस्टियन डिसोझा, प्यारेलाल यांना व्हायोलिन शिकवणारे माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस ही त्यांतली ठळक नावं. संगीतकार चाल देई आणि तिच्याखाली काय चालेल हे अरेंजरला ठरवावं लागे. आपल्या चालीखाली प्रत्येक ठिकाणी मूळ स्थितीतला कॉर्ड ठोकला तर बास उड्या मारतो आणि चाल जड होते. इन्व्हर्जन वापरले तर बास पायरी-पायरीनं चालतो आणि स्वतःच एक गाणं होतो. हे ज्ञान परिभाषेतून आलं नव्हतं, लहानपणी चर्चच्या माडीवर अनेक आवाजांत गाऊन कानात बसलं होतं.

आज मुंबई, पुणे, गोवा इथली हजारो मुलं पियानो, की-बोर्ड, गिटार शिकतात आणि परदेशी मंडळांच्या थिअरीच्या परीक्षाही देतात. त्यांतल्या वरच्या इयत्तांतली मुलं इन्व्हर्जन अचूक ओळखतात, पाच रेघांखाली योग्य खूण लिहितात, गुण मिळवतात. त्यांच्यापुढं बासचे आठ स्वर आणि पाच आकडे ठेवून ‘वाजव’ म्हटलं तर बहुतेकांचे हात थबकतात. हा मुलांचा दोष नाही. आपण त्यांना शास्त्राचा शेवट आधी शिकवतो आणि सुरुवात शिकवायची राहून जाते.

कुणी म्हणेल, कंटिन्युओ वाजवणारे हवेत कुणाला? पण प्रश्न हार्पसिकॉर्डवादक घडवण्याचा नाही. चालीला साथ करणाऱ्या, गाणं रचणाऱ्या, शाळेच्या समूहगीताला दुसरा आवाज देणाऱ्या प्रत्येकाला बासवरून वर विचार करता आला पाहिजे. त्यासाठी नवा अभ्यासक्रम लागत नाही. डाव्या हातात सा ते सा चढता-उतरता बास, उजव्या हातात प्रत्येक पायरीचा कॉर्ड, आधी एका सुरात आणि मग बाराही सुरांत. हा पाठ कोणताही शिक्षक उद्यापासून सुरू करू शकतो. तो हातात बसला की मग विचारावं, या कॉर्डचं मूळ कोणतं? तेव्हा रामोचं उत्तर मुलाला खऱ्या शोधासारखं भेटेल, कारण ज्याची उकल व्हायची ते त्यानं आधी स्वतः वाजवलेलं असेल. परीक्षा मंडळांनीही थिअरीतला हा भाग कागदावरून उचलून की-बोर्डवर न्यावा आणि त्याला तेवढेच गुण द्यावेत. नेपल्सच्या आश्रमातल्या पोरक्या मुलांना जे शिकता आलं, ते आपल्या मुलांना अवघड म्हणून नाकारण्याचा अधिकार आपल्याला नाही.